दोन माणसं आणि एक खोली

1972चा उन्हाळा आहे. दिल्लीच्या संसद मार्गावरून तुम्ही आकाशवाणी भवनात शिरता. बाहेर लू वाहते आहे. टेलिव्हिजन अजून आकाशवाणीच्याच छपराखाली राहतो. मुंबईकरांना तो 2 ऑक्टोबरपर्यंत वाट पाहायला लावणार आहे.

स्टुडिओत वायरींवरून पाय जपून टाका. कॅमेरे चाकांवर सरकताहेत. चित्र कृष्णधवल, त्यामुळे पडद्याचा रंग कुणी विचारत नाही, उजेड कुठून येतो ते विचारतात. सेट म्हणजे एक भिंत, दोन खुर्च्या, एक दार. पाऊस हवा असेल, तर तो संवादातच पडायला हवा.

इथे काम करणाऱ्या निर्मातीकडे नीट बघा. सई परांजपे. आठव्या वर्षी ‘मुलांचा मेवा’ हे गोष्टींचं पुस्तक, मग पुणे आकाशवाणी, 1963 साली राष्ट्रीय नाट्य विद्यालयातून बाहेर. रेडिओने कान दिला, रंगभूमीने तालमीची सवय लावली आणि या खोलीने त्यांना सगळ्यात मोठी गोष्ट शिकवली असं मला वाटतं: दोन माणसं बोलत असतील, तर त्यांना बोलू द्यावं. सईंच्या विनोदाचं कौतुक खूप होतं, पण तो विनोद पात्रांचं लक्षपूर्वक ऐकण्यातून येतो, हे फारसं बोललं जात नाही.

आता सात-आठ वर्षं पुढे या. शहर तेच. अंध मुलांची शाळा आहे. खऱ्या शाळेत, खऱ्या विद्यार्थ्यांसह ‘स्पर्श’चं चित्रीकरण चाललंय. एव्हाना हातात सिनेमाचा कॅमेरा आहे, नसीरुद्दीन शाह आहेत, शबाना आझमी आहेत. तरी मुख्याध्यापक अनिरुद्धच्या कचेरीत तुम्ही थांबाल तेव्हा ओळखीचं काहीतरी जाणवेल. कॉफी द्यायची आहे. शबानाची कविता मदतीला पुढे होते आणि नसीरचा अनिरुद्ध चिडतो. एवढंच. पार्श्वसंगीताची लाट नाही, डोळ्यांत पाणी काढायची घाई नाही. अंधत्वावरच्या कितीतरी सिनेमांनी दया वाटली. इथे एका माणसाचा ताठा आहे आणि मदत करणाऱ्या बाईची गडबडलेली भलाई आहे. दोघांची बाजू तुम्हाला पटते, म्हणून ते दृश्य बोचतं. सर्वोत्कृष्ट हिंदी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार, नसीरना अभिनयाचा आणि सईंना पटकथेचा, हे सगळं त्याच मापात न्याय्य वाटतं.

1981. दिल्लीतली एक बरसाती, म्हणजे गच्चीवरची खोली. ‘चश्मे बद्दूर’ची तीन पोरं एका सिगारेटवर वाटेकरी आहेत. ही गोष्ट मुळात सईंनी टेलिव्हिजनसाठी ‘धुआँ धुआँ’ नावाने केली होती. म्हणूनच सिनेमात जागा मोठी झाली, तरी माणसांमधलं अंतर तेवढंच राहिलं. चमको साबणाची पावडर विकायला आलेली दीप्ती नवल बादलीत फेस काढून दाखवते आणि फारूख शेख तिच्याकडे बघत बसतो. तुम्हीही बसा. इथे प्रेम जमतंय, ते दोघांनाही अजून कळलेलं नाही.

‘कथा’ घाईत पार करू नका, पण थांबूही नका: 1983, चाळ, सद्गुणी राजाराम, थापाड्या बाशू, मूळ स. गं. साठे यांचं नाटक ‘ससा आणि कासव’. चाळीतल्या माणसाला इतक्या जवळून, इतक्या प्रेमाने पाहिलेलं हिंदी पडद्यावर क्वचितच दिसलं.

आणि मग, नाव झाल्यावर, सई ‘अडोस पडोस’ आणि ‘छोटे बडे’ या मालिका घेऊन पुन्हा टेलिव्हिजनकडे येतात. लोक याला उतरणं म्हणत असतील. तुम्ही 1972च्या स्टुडिओतून आला आहात, तेव्हा तुम्ही तसं म्हणणार नाही. एक भिंत, दोन खुर्च्या, एक दार यांच्या जोरावर त्यांनी जे कमावलं, ते घरोघरच्या पडद्यावरही तितकंच शोभत होतं.