बाबा यागाचा चेहरा : गेऑर्गी मिल्यार

सोव्हिएत प्रकाशनांची मराठी बालपुस्तके वाचून जी पिढी मोठी झाली, तिला कोंबडीच्या पायांवर उभ्या असलेल्या झोपडीत राहणारी बाबा यागा ही चेटकीण चांगलीच ठाऊक आहे. रशियन चित्रपटांत या चेटकिणीला जो चेहरा लाभला, तो मात्र एका पुरुषाचा होता. गेऑर्गी मिल्यार हे त्या नटाचे नाव.

मिल्यार यांचा जन्म ७ नोव्हेंबर १९०३ रोजी मॉस्को येथे झाला. वडील फ्रेंच अभियंते. मुलगा लहान असतानाच ते निवर्तले. क्रांतीनंतर परदेशी, खानदानी वळणाचे मूळ आडनाव जोखमीचे ठरू लागले, तेव्हा ‘द मिल्ये’चे ‘मिल्यार’ झाले. काळ्या समुद्राकाठच्या गेलेंजिक गावी नाटकाचे सामानसुमान सांभाळणारा हा मुलगा पुढे मॉस्कोच्या ‘क्रांती नाट्यगृहा’च्या शाळेत शिकला आणि तेथेच नट झाला.

दिग्दर्शक अलेक्सांद्र रोऊ यांच्या १९३८ सालच्या पहिल्या परीकथापटात मिल्यार राजा झाले. त्यानंतर आला ‘सुंदर वासिलिसा’ (१९३९). बाबा यागासाठी रोऊ अभिनेत्रीच्या शोधात होते. ती भूमिका मिल्यार यांनी स्वतःहून मागून घेतली, असे सांगितले जाते. याल्टा येथे शेळ्या हाकताना पाहिलेल्या एका म्हातारीवरून आपण ही चेटकीण उभी केली, असे ते सांगत. याच चित्रपटात ते वृद्ध पिताही झाले आहेत. रंगभूषा इतकी बेमालूम, की तिघांत नट एकच, हे सांगितल्याखेरीज कळू नये. तिसरी भूमिका वादकाची आहे.

त्यांचे सर्वांत प्रभावी काम मात्र ‘अमर काश्चेय’मधील खलनायकाचे मानावे लागेल. युद्धकाळात स्टुडिओ मध्य आशियातील स्तालिनाबाद (आताचे दुशान्बे) येथे हलविण्यात आला होता. तेथे मिल्यार यांना हिवतापाने गाठले. शरीराचा अक्षरशः सापळा झाला, आणि तोच सापळा कॅमेऱ्यासमोर उभा राहिला. परकीय आक्रमकाची छाया असलेल्या या काश्चेयचा पहिला खेळ ९ मे १९४५ रोजी, म्हणजे ऐन विजयदिनी झाला.

पुढे रोऊ यांच्या जवळजवळ प्रत्येक चित्रपटात मिल्यार असतच. सैतान, जलराक्षसाचा हुजऱ्या, पुन्हा काश्चेय. बाबा यागा त्यांनी रोऊंसाठी चार वेळा रंगविली. त्यांपैकी ‘मरोझ्को’ (१९६४) सर्वाधिक गाजला. चेक आणि स्लोवाक घरांत नाताळ-नववर्षाच्या सुमारास हा चित्रपट दूरदर्शन संचावर पाहणे ही एक प्रथाच होऊन बसली आहे.

परंतु याच यशाने त्यांची कोंडी केली. ऐतिहासिक थोर पुरुषांच्या भूमिका कराव्यात अशी त्यांची आकांक्षा होती. इतर दिग्दर्शकांकडून मात्र किरकोळ प्रसंगच वाट्याला आले. १९७३ च्या डिसेंबरात रोऊ यांचे निधन झाले आणि हक्काचा दिग्दर्शकही गेला. सोव्हिएत व्यवस्थेत पदव्यांना मोठे महत्त्व असे; रशियन संघराज्याची ‘लोककलावंत’ ही पदवी मिल्यार यांना मिळाली ती १९८८ साली, वयाची पंचाऐंशी गाठताना. बालचित्रपटांतील नटाला मोठ्यांच्या पंक्तीत पान मांडायला एवढा वेळ का लागावा, हा प्रश्न तेथेही पडलाच असेल.

४ जून १९९३ रोजी मॉस्को येथे त्यांचे निधन झाले.