चार आठवड्यांत जोडलेला जीनोम

जीनोमिक्समध्ये पीएचडी करायचं ठरवत असाल, तर ही गोष्ट आधी ऐका. तिचा नायकही पीएचडीचा विद्यार्थीच होता.

साल 2000. मानवी जीनोमच्या सार्वजनिक प्रकल्पाने डीएनएचे लाखो तुकडे वाचले होते, पण ते जोडायचे कसे? सेलेरा ही खासगी कंपनी त्याच शर्यतीत होती. जीन्सवर पेटंटची कुंपणं पडतील, ही अनेकांना धास्ती. अशा वेळी सांताक्रूझच्या कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या जिम केंटने चार आठवड्यांत ‘गिगअसेम्ब्लर’ हा प्रोग्राम लिहिला. टायपिंगने मनगटं इतकी दुखायची की तो त्यांना बर्फ लावायचा.

युक्ती अशी: एकमेकांवर चढणारे तुकडे आधी जोडायचे. मग पुरावा शोधायचा. एकाच एमआरएनएचा अर्धा भाग एका तुकड्याशी, उरलेला दुसऱ्याशी जुळला, तर ते दोघे शेजारी. दिशाही त्यावरूनच कळते. 100 पीसींवर 22 जूनला पहिली जुळणी झाली आणि 7 जुलैला ती सगळ्यांसाठी खुली झाली.

पण तो मसुदा होता, पोकळ्यांसकट. खऱ्या अर्थाने पूर्ण अनुक्रम प्रसिद्ध व्हायला 2022 उजाडलं. मधल्या प्रत्येक आवृत्तीत जीन्सचे पत्ते सरकले. पहिल्या वर्षी मी जुन्या आवृत्तीचे पत्ते नव्या आवृत्तीत शोधत बसलो. दोन आठवडे पाण्यात!

म्हणून डेटा हातात आला की पहिला प्रश्न हाच विचारा: ही जुळणी कुठली?