हप्त्याची कुळकथा

भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त मिश्रव्यवहार नावाचा एक भाग आहे. त्यातले एक गणित असे: दरमहा शेकडा पाच दराने वर्षअखेर मुद्दल आणि व्याज मिळून एक हजार झाले, तर मुद्दल किती आणि व्याज किती? उत्तर 625 आणि 375. ग्रंथ 1150 च्या सुमाराचा. त्याच्या अध्ययनासाठी आचार्यांच्या नातवाने मठ स्थापल्याची नोंद चाळीसगावजवळच्या पाटणच्या शिलालेखात आहे, म्हणजे हे गणित आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या शिकवले गेले. आज गृहकर्ज फेडणाऱ्याच्या खात्यातून दर महिन्याला जी रक्कम कापली जाते तीही मिश्र रक्कमच असते, फक्त ती फोडून पाहण्याचे कष्ट फारसे कोणी घेत नाही. समान मासिक हप्ता ही मोठी उपयोगी युक्ती आहे यात शंका नाही. पण सगळे हप्ते एकसारखे दिसतात, आणि त्या दिसण्याआड कर्जाची खरी किंमत दडते, असे मला वाटते. ती हप्त्याच्या आकड्यात नसते, मुदतीत असते. हे समजायला हप्त्याचे कुळ दोन्ही बाजूंनी पाहावे लागते: एक बाजू आपल्या ऋणविचाराची, दुसरी युरोप-अमेरिकेच्या हिशेबाची.

आपल्या बाजूला सगळ्यात ठळक नियम दामदुपटीचा. व्याज मुद्दलाइतके झाले की थांबले. सावकाराने एका वेळी दुपटीपेक्षा जास्त मागायचे नाही. मनुस्मृतीत त्याचे मूळ आहे आणि इंग्रजी अमलातही मुंबई इलाख्यात हिंदू ऋणकोला त्याचा आधार मिळत राहिला. मुंबई उच्च न्यायालयाने धोंडू जगन्नाथ विरुद्ध नारायण रामचंद्र या 1863 च्या खटल्यात तो मान्य केला. मात्र या नियमातला ‘एका वेळी’ हा भाग महत्त्वाचा आहे. मर्यादा होती थकून साचलेल्या व्याजावर. वर्षानुवर्षे वेळच्या वेळी चुकते केलेले व्याज एकूण किती झाले, याचा हिशेब दामदुपट मांडत नव्हती. सावकारी कर्जात व्याज सहसा साचतच असे, म्हणून नियमाला धार होती. व्याज साचूच न देणारी रचना निघाली तर तो नियम आपोआप निकामी होणार, हे त्याच्या शब्दांतच लिहिलेले होते.

नियम असूनही दख्खनच्या शेतकऱ्याचे काय झाले ते ठाऊक आहे. मे 1875 मध्ये पुणे जिल्ह्यातल्या सुप्याला दंगा पेटला, आसपासच्या गावांत पसरला, आणि लोकांनी मुख्यतः एकच गोष्ट मागितली व जाळली: कर्जरोखे. जुना रोखा संपला की थकलेले व्याज मुद्दलात मिळवून नवा रोखा लिहायचा, असा प्रघात असल्याने मुद्दल कुठले आणि व्याज कुठले हे ऋणकोला सांगताच येत नसे. म्हणून 1879 चा डेक्कन ॲग्रिकल्चरिस्ट्स रिलीफ ॲक्ट पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या जिल्ह्यांत आला, तेव्हा त्याने न्यायालयाला रोख्याच्या मागे जाऊन व्यवहार मुळापासून तपासायला लावले, मुद्दलाचा आणि व्याजाचा हिशेब वेगवेगळा मांडायला सांगितले, आणि शेतकऱ्याला पावती, वार्षिक हिशेबपत्रक व पासबुक मागण्याचा हक्क दिला. सावकाराचा दर किती, यापेक्षा मिश्र रक्कम फोडून दाखवली जाते का, हा प्रश्न या कायद्याने पुढे आणला. मला तो त्याचा सगळ्यात शहाणा भाग वाटतो.

हप्त्याचे दुसरे कुळ गणिती कोष्टकांचे. सिमोन स्टेव्हिनने 1582 मध्ये अँटवर्पला व्याजाची कोष्टके छापली. सावकारपेढ्या असली कोष्टके गुपित म्हणून कुलपात ठेवत, तिथे ती कोणालाही विकत मिळू लागली. ठरावीक मुदतीत ठरावीक रक्कम भरत गेल्यास किती कर्ज फिटेल, हे आता पाहून सांगता येत होते. पण गणित उपलब्ध झाले म्हणून लगेच कोणी घर दिले नाही. इंग्लंडात 1775 मध्ये बर्मिंगहॅमला रिचर्ड केटली याच्या खाणावळीत जमलेल्या मंडळींनी काढलेली बिल्डिंग सोसायटी ही आपल्या भिशीचीच बहीण: सगळ्यांनी सारखी वर्गणी भरायची, पाळीपाळीने एकेकाचे घर उभे करायचे, सगळ्यांची घरे झाली की मंडळ मोडायचे. अमेरिकेत तर 1930 पर्यंत बरीचशी गृहकर्जे पाचेक वर्षांची असत. मध्ये नुसते व्याज द्यायचे आणि शेवटी मुद्दल एकरकमी. महामंदीत ते मुद्दल कोणालाच देता येईना, कर्जाचे नूतनीकरण करायला बँका तयार होईनात, आणि घरे जप्त होऊ लागली. 1933 मध्ये सरकारने होम ओनर्स लोन कॉर्पोरेशन काढून अशी कर्जे 15 वर्षांच्या समान हप्त्यांत बदलून दिली. 1934 मध्ये फेडरल हाउसिंग ॲडमिनिस्ट्रेशनने विम्याचे पाठबळ देऊन 20 वर्षांची मुदत रुळवली. तेव्हा समान हप्ता कर्जदाराला लुटण्यासाठी जन्मला, असे कोणी म्हणत असेल तर ते खोटे आहे. तो कर्जदाराला वाचवण्यासाठीच रुळला.

भारतात हा हप्ता मध्यमवर्गाच्या घरात आला तो प्रामुख्याने एचडीएफसीमुळे. आयसीआयसीआयमधून निवृत्त झालेल्या एच. टी. पारेख यांनी 1977 मध्ये मुंबईत ती स्थापन केली. पुढच्या वर्षी दिलेले पहिले कर्ज मालाडच्या घरासाठी होते, 30,000 रुपयांचे, साडेदहा टक्क्यांनी. त्याआधी नोकरदार माणूस घर घ्यायचा ते भविष्यनिर्वाह निधी, आयुर्विम्याचे कर्ज, सहकारी गृहनिर्माण संस्था आणि बायकोचे दागिने यांची मोट बांधून, आणि बहुधा निवृत्तीच्या तोंडावर. तिशीत घर ही कल्पनाच हप्त्याने दिली. मात्र सुरुवातीच्या काळात व्याज वार्षिक शिलकीवर काढण्याची पद्धत रूढ होती: वर्षभर भरलेले मुद्दल वर्षअखेरीपर्यंत व्याजाच्या हिशेबात धरले जात नसे. 50 लाखांच्या, 20 वर्षांच्या, साडेआठ टक्क्यांच्या कर्जाला ही पद्धत लावली तर हप्ता मासिक शिलकीच्या पद्धतीपेक्षा 639 रुपयांनी वाढतो, आणि एकूण बोजा दीड लाखाने. दर दोन्हीकडे साडेआठच.

आता हेच कर्ज मासिक पद्धतीने फोडून पाहू. हप्ता 43,391 रुपये. पहिल्या महिन्यात त्यातले 35,417 व्याजात जातात, मुद्दलाच्या वाट्याला 7,974 येतात. मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारावे वर्ष संपत यावे लागते. दहा वर्षांत 52 लाख भरून झालेले असतात आणि तरी 35 लाख देणे उरते. निम्मे कर्ज फिटते तेरा वर्षे दहा महिन्यांनी. अखेरीस एकूण भरणा 1 कोटी 4 लाख, म्हणजे व्याज 54 लाखांवर, मुद्दलापेक्षा जास्त. दामदुपटीची रेघ ओलांडली गेली, पण नियमभंग कुठेच झाला नाही, कारण व्याज एका महिन्यापलीकडे कधी साचलेच नाही. वीस वर्षांच्या कर्जात दर आठ टक्के झाला की ही रेघ ओलांडली जाते. तीस वर्षांच्या कर्जाला साडेपाच टक्केसुद्धा पुरतात. महाराष्ट्राच्या 2014 च्या सावकारी कायद्यात सावकाराला मुद्दलाहून जास्त व्याज वसूल करता येत नाही. बँका त्या कायद्याच्या कक्षेबाहेर आहेत, आणि बँकेचे व्याज अवाजवी आहे एवढ्याच कारणावरून न्यायालयाने व्यवहार पुन्हा उघडू नये, अशी तरतूद बँकिंग कायद्यात 1984 पासून आहे.

‘सुरुवातीला बँक व्याज ओढून घेते’ ही तक्रार यावरून सर्रास केली जाते, आणि ती चूक आहे. पहिल्या महिन्यात देणे 50 लाखांचे असते म्हणून व्याजही 50 लाखांवरचे. त्यात लबाडी नाही. खरी गोम मुदतीत आहे. हेच कर्ज 15 वर्षांत फेडले तर हप्ता 49,237 आणि व्याज साडेअडतीस लाखांच्या थोडे वर. 30 वर्षांत फेडले तर हप्ता 38,446 आणि व्याज 88 लाख. वीसवरून तीस वर्षांवर गेल्याने महिन्याला पाच हजारांचीही सुटका होत नाही आणि व्याज 34 लाखांनी वाढते. घर विकणारा आणि कर्ज देणारा दोघेही मात्र बोलतात ते ‘महिन्याला किती बसेल’ याच भाषेत, आणि घेणाराही त्याच भाषेत ऐकतो.

यावर गंभीर आक्षेप आहे तो महागाईचा. वीस वर्षांनंतरचा रुपया आणि आजचा रुपया यांची थेट बेरीज करणे हे कच्चे अर्थशास्त्र, असे जाणकार म्हणतील, आणि त्यांचे म्हणणे बरोबर आहे. महागाई सरासरी पाच टक्के धरली तर वरच्या सगळ्या हप्त्यांचे आजच्या रुपयांतले मोल सुमारे 66 लाख होते. म्हणजे खरा जादा बोजा 54 लाखांचा नसून 16 लाखांच्या आसपास. हा दिलासा खोटा नाही. पण तो पूर्णपणे लागू पडतो स्थिर दराच्या कर्जाला. अमेरिकेतल्या तीस वर्षांच्या स्थिर दराच्या कर्जदाराला महागाई वाढली की फायदा होतो, कारण त्याचा हप्ता जागचा हलत नाही. आपल्याकडची बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची. महागाई वाढली की रिझर्व्ह बँक रेपो वाढवते आणि कर्जाचा दर मागोमाग चढतो. जो फायदा महागाईने एका हाताने द्यायचा, तो दराने दुसऱ्या हाताने काढून घ्यायचा. शिवाय हप्ता हलका वाटायला पगारही महागाईबरोबर वाढावा लागतो, आणि त्याची हमी कोणत्याही कर्जखतात नसते.

भाडे वाचते, हा दुसरा आक्षेप. तो मान्य; फक्त तुलना करताना भाड्यासमोर पूर्ण हप्ता न ठेवता व्याज ठेवावे, आणि त्यात सोसायटीचा देखभाल खर्च, मालमत्ता कर आणि दुरुस्ती मिळवावी. करसवलतीचा आधार तर आता पातळ झाला आहे: जुन्या पद्धतीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंतच वजावट आहे, आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचे व्याज सव्वाचार लाखांच्या घरात जाते, आणि नव्या पद्धतीत राहत्या घरासाठी ही वजावटच नाही.

मुदतीचा खेळ उघडा पडला तो 2022-23 मध्ये. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रेपो दर 4 टक्क्यांवरून साडेसहावर गेला. पुष्कळ ठिकाणी हप्ता तोच ठेवून मुदत वाढवली गेली, आणि हप्ता तोच असल्याने अनेकांना काही बदलले आहे याचा पत्ताच लागला नाही. 50 लाखांचे कर्ज 6.7 टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले असेल तर हप्ता 37,870. दर अडीच टक्क्यांनी चढून 9.2 झाला आणि तेव्हा देणे 49 लाख असेल, तर महिन्याचे व्याजच 37,567. मुद्दलाला उरतात 303 रुपये. त्या चालीने कर्ज फिटायला 52 वर्षांहून जास्त लागतील. दर आणखी थोडा चढला तर हप्ता भरूनही मुद्दल वाढू लागेल, जसे सुप्याच्या रोख्यात वाढत असे.

ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने यावर परिपत्रक काढले. दर बदलला की हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होईल ते कळवायचे, हप्ता वाढवायचा की मुदत हे कर्जदाराला निवडू द्यायचे, आणि दर तिमाहीला विवरणपत्र द्यायचे: आजवर किती मुद्दल व किती व्याज वसूल झाले, हप्ता किती, हप्ते उरले किती, वार्षिक दर किती. ऑक्टोबर 2024 पासून कर्जाआधी द्यायच्या मुख्य तथ्यपत्रकात प्रक्रिया शुल्क, कर्जात मिळवलेला विम्याचा हप्ता असे खर्च धरून काढलेला वार्षिक दर आणि फेडीचे संपूर्ण वेळापत्रक येते. 1879 च्या हिशेबपत्रकाशी याचे नाते उघड आहे, आणि तेव्हासारखेच हेही संकट येऊन गेल्यानंतर आले. अर्थात ते वेळापत्रक आजच्या दरावर आखलेले असते; दर बदलला की ते शिळे होते. म्हणून तिमाही विवरणपत्रात हप्त्याच्या आकड्याआधी उरलेल्या हप्त्यांची संख्या पाहावी, आणि ती मागच्या तिमाहीपेक्षा तीनने कमी झाली आहे का ते तपासावे. झाली नसेल तर मुदत सरकली आहे. बदलत्या दराच्या गृहकर्जाच्या मुदतपूर्व फेडीवर 2012 पासून दंड घेता येत नाही; आणि आपल्या 43,391 च्या उदाहरणात पहिल्या वर्षाच्या अखेरीस भरलेले एक लाख रुपये शेवटचे अकरा हप्ते, म्हणजे पावणेपाच लाखांहून अधिक रक्कम, वाचवतात, मात्र बँकेला हप्ता तोच ठेवून मुदत कमी करायला सांगावे लागते.