सरड्याची धाव आणि वाळूमाशी

मलेरिया कोण पसरवतं, असं झरी जामणीतल्या कुठल्याही शाळकरी पोराला विचारा. उत्तर लगेच येईल: डास. उत्तर बरोबर आहे, पण माणसापुरतं. आजचा भाग त्या 'पुरतं'बद्दल.

पैनगंगा ओलांडून दक्षिणेला जात राहिलं की सिकंदराबाद येतं. तिथे २० ऑगस्ट १८९७ रोजी रोनाल्ड रॉस यांना अ‍ॅनोफिलीस डासाच्या पोटात मलेरियाचा परजीवी दिसला. पुढच्या वर्षी कलकत्त्यात त्यांनी पक्ष्यांच्या मलेरियाचं पूर्ण चक्र उलगडलं, तिथे वाहक निघाला क्युलेक्स डास. १९०२ साली त्यांना नोबेल मिळालं. जात वेगळी, पण दोन्हीकडे डासच. मग सरड्याच्या मलेरियामागेही डासच असणार, असं वाटणं साहजिक होतं.

हो, सरड्यांनाही मलेरिया होतो! त्यातल्या 'प्लाझ्मोडियम मेक्सिकॅनम' या परजीवीचं वर्णन १९४४ साली झालं. त्याचा वाहक मात्र १९७० साली कळला. आयाला आणि ली या संशोधकांनी दाखवलं, की हा परजीवी वाळूमाशीच्या, म्हणजे सँडफ्लायच्या दोन जातींमध्ये पूर्ण वाढतो. कॅलिफोर्नियात ही माशी जमिनीवरच्या खारींच्या बिळांत राहते आणि सरडेही त्याच बिळांत आसरा घेतात. पुढे जोस शॅल यांनी अनेक वर्षं हे सरडे तपासले. आजारी सरड्याच्या रक्तात हिमोग्लोबिन कमी असतं, तो पळताना लवकर दमतो, मादी कमी अंडी घालते. या सरड्याचं इंग्रजी नाव 'फेन्स लिझर्ड', म्हणजे कुंपणावरचा सरडा. आपल्याकडे सरड्याची धाव कुंपणापर्यंत. याची तर तिथपर्यंतही पुरत नाही!

हा परजीवी माणसाला होत नाही, त्यामुळे घरातल्या पालीला घाबरू नका. वाळूमाशीकडे मात्र लक्ष हवं. १९६५ साली नागपूरजवळच्या चांदीपुरा इथल्या तापाच्या रुग्णांमध्ये पुण्याच्या शास्त्रज्ञांना नवा विषाणू सापडला. तोच विषाणू १९७० साली, म्हणजे सरड्याचं कोडं सुटलं त्याच वर्षी, औरंगाबाद भागातल्या वाळूमाश्यांत मिळाला. २००३ साली तेव्हाच्या आंध्र प्रदेशात या तापाने ३२९ मुलं आजारी पडली, त्यातली १८३ दगावली. विदर्भातही साथ होती.

आता आपल्या भागातली घरं आठवा. मातीच्या भिंतीतल्या भेगा, शेजारी गोठा, शेणाचा ओलावा. वाळूमाशीला हेच लागतं. डास वाढतो साचलेल्या पाण्यात, त्यामुळे आठवड्याचा कोरडा दिवस पाळून ही माशी कमी होत नाही. ती डासापेक्षा बरीच लहान असते, साध्या मच्छरदाणीच्या जाळीतून आत शिरते. भेगा लिंपणं, गोठा घरापासून लांब ठेवणं, भिंतींवर फवारणी करून घेणं, हे उपाय तिच्यासाठी. मलेरियासाठी भिंतींवर डीडीटी मारलं जायचं, तेव्हा वाळूमाशीही आपोआप कमी झाली होती. मुद्दाम तिच्यासाठी ते कुणी केलं नव्हतं.

चांदीपुरावर लस नाही, खास औषधही नाही, आणि मूल एक-दोन दिवसांत हातचं जाऊ शकतं. म्हणून अचानक जोराचा ताप, उलट्या, झटके किंवा गुंगी दिसली, तर सकाळची वाट बघू नका, लगेच दवाखाना गाठा. पावसाळ्यात हा भाग गावाकडच्या ग्रुपवर नक्की पाठवा. भेटू पुढच्या भागात.