मुखपृष्ठावरील नाव : उर्दू-मराठीतील स्त्रीविषयक ग्रंथांसंबंधी काही विचार

आपल्या सीमाभागातील महाविद्यालयांत उर्दू आणि मराठी हे दोन्ही विषय असतात, परंतु दोन्ही एकाच अध्यापकाने शिकविण्याचा योग क्वचित येतो. माझ्या वाट्याला तो आला. सकाळी उर्दूच्या वर्गात डेप्युटी नजीर अहमद यांची 'मिरातुल उरूस' (१८६९) आणि दुपारी मराठीच्या वर्गात बाबा पदमनजी यांचे 'यमुनापर्यटन' (१८५७), असे दिवस अनेकदा आले. दोन्ही पुस्तकांना आपापल्या भाषेतील पहिली कादंबरी म्हणण्याचा प्रघात आहे. दोन्हींचा विषय स्त्री आहे आणि दोन्हींचे लेखक पुरुष आहेत.

ही गोष्ट इतकी परिचयाची आहे की तिच्याकडे आपले लक्षही जात नाही. प्रस्तुत लेखात मला एवढेच मांडायचे आहे, की स्त्रियांच्या जीवनावरील पुस्तकांचा इतिहास शिकविताना पुस्तकाच्या आतील मजकुराइतकेच त्याच्या मुखपृष्ठाकडे पाहिले पाहिजे. पुस्तक कोणाच्या नावाने छापले गेले, कोणाच्या पैशाने छापले गेले आणि ते कोणी विकत घेतले, या प्रश्नांच्या उत्तरांत बराच इतिहास दडलेला आहे.

प्रथम या दोन पुरुषांविषयी. बाबा पदमनजी यांचा जन्म १८३१ साली आमच्या बेळगावचा. १८५६ साली विधवा-पुनर्विवाहाचा कायदा झाला आणि पुढच्याच वर्षी विधवांच्या स्थितीचे वर्णन करणारे त्यांचे पुस्तक आले. यमुना पतीबरोबर प्रवास करते, ठिकठिकाणी विधवांचे हाल पाहते आणि पुढे स्वतःच विधवा होते. लेखकाने ख्रिस्ती धर्म स्वीकारला होता व पुस्तकाचा रोख त्या दिशेने आहे, हे खरे. तरीही केशवपनाच्या आणि एकटेपणाच्या वर्णनांतील कळकळ खोटी वाटत नाही.

नजीर अहमद वायव्य प्रांतात सरकारी नोकरीत होते. आपल्या मुलींना वाचायला योग्य पुस्तक नाही म्हणून त्यांनी अकबरी आणि असगरी या दोन बहिणींची कथा रचली. त्याच सुमारास त्या प्रांताच्या सरकारने देशी भाषांतील उपयुक्त पुस्तकांसाठी बक्षिसे जाहीर केली होती. 'मिरातुल उरूस'ला एक हजार रुपयांचे बक्षीस मिळाले आणि ते शाळांतून लागले. १९०३ साली त्याचे इंग्रजी भाषांतरही निघाले. अल्ताफ हुसेन हाली यांच्या 'मजालिस-उन-निसा'ची (१८७४) कथाही अशीच. तिला चारशे रुपये मिळाले आणि पंजाबातील मुलींच्या शाळांत ती दीर्घकाळ वाचली गेली. या दोन्ही ग्रंथांचे एक वैशिष्ट्य म्हणजे त्यांतील बेगमाती जबान, अर्थात दिल्लीच्या जनानखान्यातील बायकांची खास बोली. तिचे वाक्प्रचार, तिची टोचणी, तिचे लाडिक शब्द या लेखकांनी कानांनी टिपले. आज ती बोली जवळजवळ लोपली आहे आणि आपल्याला ती कळते ती मुख्यतः पुरुषांच्या लेखणीतून. मला याचे नवल वाटते आणि थोडे वाईटही वाटते.

याच काळात पाटण्याच्या एका घरंदाज बाईने 'मिरातुल उरूस' वाचली. रशीदुन्निसा हे तिचे नाव. 'काशिफुल हकाइक' या प्रसिद्ध समीक्षाग्रंथाचे कर्ते इमदाद इमाम असर हे तिचे बंधू. नजीर अहमद यांचे ऋण मानूनच तिने १८८१ साली 'इस्लाह-उन-निसा' ही कादंबरी लिहिली. विषय घरातलाच : बाळंतपणातील व लग्नातील रीतिरिवाज, नजर लागणे, उतारे, कर्ज काढून केलेला खर्च आणि अशिक्षितपणामुळे मोडणारे संसार. नजीर अहमद यांची असगरी हुशार आहे, पण ती थोडी पाठ्यपुस्तकातली वाटते. रशीदुन्निसांच्या बायका चुकतात, भांडतात, एकमेकींना फसवितात आणि समजूतही घालतात. रिवाजांवर टीका करताना लेखिका त्यांचे इतके बारकाईने वर्णन करते, की बिहारमधील मुस्लिम कुटुंबांच्या चालीरीतींचा अभ्यास करणाऱ्यास हा ग्रंथ टाळता येणार नाही.

हस्तलिखित तेरा वर्षे घरात पडून राहिले. मुलगा बॅरिस्टर होऊन विलायतेहून परतला, तेव्हा १८९४ साली ते छापले गेले. मुखपृष्ठावर लेखिकेचे नाव नव्हते. अमक्याची आई, तमक्याची मुलगी, अमक्याची बहीण असा परिचय तेवढा होता. मुलगा, वडील आणि भाऊ या तिघांची नावे त्यात होती.

एकदा वर्गात हे सांगितल्यावर एका विद्यार्थिनीने विचारले, "मॅडम, मग परीक्षेत लेखिकेचे नाव काय लिहायचे?" सगळा वर्ग हसला. प्रश्न मात्र योग्य होता.

मराठीत याच वेळी काय घडत होते? १८८१ साली सुरतेच्या न्यायालयात विजयालक्ष्मी नावाच्या तरुण ब्राह्मण विधवेला, नवजात अर्भकाच्या हत्येबद्दल फाशीची शिक्षा झाली. पुढे ती कमी करून जन्मठेप काळ्या पाण्याची करण्यात आली. या खटल्याच्या निमित्ताने वृत्तपत्रांतून स्त्रियांच्या वर्तनावर लेख येऊ लागले, त्यांत 'पुणे वैभव'चा सूर विशेष कडवट होता. वऱ्हाडातील बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी त्याला उत्तर म्हणून 'स्त्री-पुरुषतुलना' लिहिली. ती १८८२ साली पुण्याच्या श्री शिवाजी छापखान्यात छापली गेली. प्रती पाचशे, किंमत नऊ आणे. रशीदुन्निसांनी पाटण्यात लेखणी खाली ठेवली आणि ताराबाईंनी वऱ्हाडात उचलली, यांत जेमतेम वर्षाचे अंतर आहे. दोघींना एकमेकींची माहिती असण्याचे कारण नव्हते.

ताराबाईंचे वडील बापूजी हरी शिंदे सरकारी कचेरीत हेडक्लार्क होते व सत्यशोधक समाजाशी त्यांचा संबंध होता. मुलीला त्यांनी मराठी, संस्कृत आणि इंग्रजी शिकविले. ताराबाई पुरुषांचे दोष मोजतात एवढीच या पुस्तकाची ओळख अनेकदा करून दिली जाते, ती अपुरी आहे. पुराणांतील कथा व त्या वेळची लोकप्रिय नाटके आणि कादंबऱ्या यांतून स्त्री कशी रंगविली जाते, याचीही त्या झडती घेतात. म्हणजे स्त्रीविषयक पुस्तकांची एका स्त्रीने केलेली ही अगदी आरंभीची समीक्षा आहे. वाचकाने 'यमुनापर्यटन' आणि 'मिरातुल उरूस' हाताशी ठेवून हे पुस्तक वाचावे, म्हणजे सहानुभूती आणि संताप यांतील फरक लक्षात येतो.

येथे माझ्या मूळ मुद्द्याला एक अडचण येते, ती प्रामाणिकपणे नोंदवली पाहिजे. ताराबाईंचे नाव मुखपृष्ठावर स्पष्ट छापले होते. तरीही पुस्तक विस्मृतीत गेले. त्यावर टीका झाली, जोतीराव फुले यांनी १८८५ साली 'सत्सार'मधून त्यांची बाजू घेतली आणि नंतर शांतता पसरली. ताराबाईंनी दुसरे पुस्तक प्रसिद्ध केले नाही. स. गं. मालशे यांनी १९७५ साली ते पुन्हा प्रकाशित केले, तोपर्यंत ९३ वर्षे उलटली होती. रोझलिंड ओ'हॅन्लन यांचा इंग्रजी अनुवाद १९९४ सालचा. तेव्हा केवळ नाव छापल्याने पुस्तक जगत नाही. 'मिरातुल उरूस'मागे बक्षीस होते, शाळा होत्या, सरकारी मागणी होती. नऊ आण्यांच्या पाचशे प्रतींमागे एक बाई आणि फार तर तिचे वडील होते.

लिहिण्याच्या हक्काचा प्रश्न तर त्याहूनही आधीचा आहे. अनेक शरीफ घराण्यांत मुलींना वाचायला शिकवीत, लिहायला नाही. वाचता आले तर ती धर्मग्रंथ वाचेल, लिहिता आले तर पत्रे लिहील, ही भीती. बिजनौरकडील अश्रफुन्निसा बेगम (१८४०-१९०३) यांची हकिगत या संदर्भात प्रत्येक अध्यापकाने वाचावी अशी आहे. त्यांना शिकविणाऱ्या विधवा उस्तानीने पुनर्विवाह केला, म्हणून आजोबांनी शिकवणीच बंद केली. (विधवा-विवाहाचा कायदा हिंदूंसाठी झाला, शरियतने परवानगी असूनही शरीफ मुसलमानांत विधवेचे लग्न किती नामुष्कीचे मानले जाई, याचा हा पुरावा. नजीर अहमद यांनाही १८९१ साली 'अयामा' लिहावी लागली ती त्यासाठीच.) अश्रफुन्निसा यांनी चोरून अक्षरे गिरवली. तव्याच्या बुडाची काजळी पाण्यात कालवून शाई, झाडूच्या काडीची लेखणी. पुढे याच बाईंनी लाहोरच्या मुलींच्या शाळेत शिकविले.

ही हकिगत त्यांनी स्वतः लिहिली आणि ती छापली 'तहजीब-ए-निस्वान' या साप्ताहिकाने. मौलवी सय्यद मुमताज अली आणि त्यांच्या पत्नी मुहम्मदी बेगम यांनी ते १ जुलै १८९८ रोजी लाहोरला सुरू केले. संपादिका मुहम्मदी बेगम होत्या. आरंभीचे अंक लोकांना मोफत पाठविले, तर कित्येकांनी शिव्या लिहून ते परत केले. अश्रफुन्निसा यांच्या निधनानंतर मुहम्मदी बेगम यांनी त्यांचे चरित्र 'हयात-ए-अशरफ' लिहिले. एका सामान्य घरातील शिक्षिकेचे, एका स्त्रीने लिहिलेले चरित्र, तेही विसाव्या शतकाच्या अगदी आरंभी! चौधरी मुहम्मद नईम यांनी २०२२ साली त्याचे इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केले. मुहम्मदी बेगम १९०८ साली, तिशीच्या आसपास असताना वारल्या.

याच वर्षांत मौलाना अशरफ अली थानवी यांचे 'बहिश्ती जेवर' घरोघर पोहोचत होते. मुलींना पत्र लिहायला शिकवावे, हा आग्रह त्यातही आहे, ही गोष्ट टीकाकार विसरतात. मात्र स्त्रियांनी न वाचण्याच्या पुस्तकांची जी यादी त्यात आहे, तिच्यात 'मिरातुल उरूस'ही आहे. सरकारने बक्षीस दिलेले पुस्तक मौलानांनी वर्ज्य ठरविले. मुलींनी काय वाचावे, हे दोन्हीकडून ठरत होते.

नाव झाकण्याची रीत पुढेही बराच काळ टिकली. अकबरी बेगम यांनी एक पुस्तक 'अब्बास मुर्तजा' या पुरुषी नावाने काढले आणि गाजलेली कादंबरी 'गूदड का लाल' (१९०७) 'वालिदा अफजल अली' म्हणजे अफजल अलीची आई या नावाने. कवयित्री जाहिदा खातून शेरवानी आयुष्यभर 'जे-खे-शीन' या तीन आद्याक्षरांआड राहिल्या आणि १९२२ साली अठ्ठाविसाव्या वर्षी गेल्या. त्यांचे चरित्र १९५४ साली हैदराबादेत निघाले, तेही घरातीलच एका स्त्रीने लिहिलेले.

ज्यांच्या हाती सत्ता होती, त्यांना ही अडचण आली नाही. इंदूर-ग्वाल्हेरच्या वाचकांना भोपाळच्या बेगमांविषयी सांगण्याची गरज नाही. सिकंदर बेगम यांचे हजचे प्रवासवर्णन १८७० साली इंग्रजीत आले, शाहजहाँ बेगम यांनी १८८९ साली स्त्रियांसाठी गृहज्ञानाचा मोठा ग्रंथ लिहिला, तर सुलतान जहाँ बेगम यांनी आत्मचरित्र लिहिले. कोकणात मुरूड-जंजिऱ्याच्या नवाबांच्या बेगम नाजली आणि त्यांची बहीण अतिया फैजी यांनीही आपल्या नावानेच लिहिले. अतियांची १९०६-०७ मधील लंडनची रोजनिशी प्रथम 'तहजीब-ए-निस्वान'मध्येच आली आणि १९२१ साली 'जमाना-ए-तहसील' म्हणून पुस्तकरूप झाली. महाराष्ट्राच्या किनाऱ्याशी जोडलेले हे पुस्तक आमच्या मराठीच्या विद्यार्थ्यांना नावानेही ठाऊक नसते.

मराठीत १९१० साली रमाबाई रानडे यांचे आत्मकथन आले. त्याचे शीर्षक 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी'. नाव मुखपृष्ठावर आहे, पण 'माझ्या' नाही, 'आमच्या' आहे. आणि पुस्तकाचा मोठा भाग न्यायमूर्तींचा आहे. 'वालिदा अफजल अली' आणि हे 'आमच्या' यांत तीन वर्षांचेच अंतर आहे. या दोन शब्दयोजनांवर पदव्युत्तर वर्गात एक संपूर्ण तासिका सहज घेता येते, मी घेतली आहे.

अध्यापक बंधुभगिनींना एक सूचना करावीशी वाटते. आपण 'स्त्री आणि साहित्य' या अभ्यासघटकात नजीर अहमद व हाली यांना आणि बाबा पदमनजींना ठेवतो, ते ठेवावेच. परंतु त्यांना लगटून १८८१ आणि १८८२ ही दोन वर्षे शिकवावीत. रशीदुन्निसांचे एक प्रकरण मराठीत करून द्यावे, ताराबाईंची काही पाने उर्दूत. एवढे काम एका सत्रात विद्यार्थीही करू शकतात. नोंदी तपासण्याचे कामही त्यांच्याकडे द्यावे.

हे मी अनुभवाने लिहीत आहे. काही वर्षांपूर्वी एका जुन्या वाचनालयाच्या उर्दू नोंदवहीत मी अकबरी बेगम यांचा शोध घेत होते. 'गूदड का लाल'ची प्रत तेथे होती, पण नोंद लेखक या रकान्यात 'अफजल अली' अशी. आई गळून मुलगाच लेखक झाला होता. ग्रंथपालांनी चूक लगेच मान्य केली आणि मला पेन्सिल दिली. जुनी नोंद न खोडता तिच्या बाजूला आम्ही 'अकबरी बेगम' असे लिहिले.