वार नसलेला दिवस

हॉबिटांचा मुलूख शायर, तिथलं सन १४२०. ऐन उन्हाळा. व्हाइट डाउन्सच्या टेकड्यांवर जत्रा भरली आहे आणि तुम्ही तिच्या गर्दीत उभे आहात. जेमतेम तुमच्या कमरेला लागणारी, केसाळ पावलांची अनवाणी माणसं तुम्हाला वळसा घालून धावतायत. एक हॉबिट आजी साय घातलेल्या स्ट्रॉबेरींचा वाडगा तुमच्या हातात ठेवते. तुम्ही सहज विचारता, “आजी, आज वार कोणता?”

“आज वार नाही, बाळा. आज ओव्हरलिथ!”

ती तुम्हाला बाकावर बसवते आणि बोटांवर हिशेब मांडते. महिने बारा, प्रत्येक तीस दिवसांचा. उरलेले पाच दिवस कुठल्याच महिन्यातले नाहीत: हिवाळ्यात यूलचे दोन, उन्हाळ्यात लिथचे तीन. लिथमधला मधला दिवस म्हणजे वर्षमध्य. त्याला वार द्यायचा नाही. तो वगळला की उरतात ३६४, म्हणजे बरोबर बावन्न आठवडे. त्यामुळे प्रत्येक वर्ष शनिवारी सुरू होतं आणि शुक्रवारी संपतं. बिल्बो बॅगिन्स या हॉबिटाचा वाढदिवस हॅलिमाथ महिन्याच्या २२ तारखेला, म्हणजे दरवर्षी गुरुवारीच. शतकाचं शेवटचं वर्ष सोडून दर चौथ्या वर्षी एक दिवस वाढतो, तो वर्षमध्याच्या पाठोपाठ येतो. तोच हा ओव्हरलिथ, आणि त्यालाही वार नाही.

तुम्हाला घरचा अधिक महिना आठवतो. त्यात लग्नमुंजी थांबतात आणि जावयांना अनारसे मिळतात. इथे मात्र वाढीव दिवस सगळ्यांच्याच खाण्यापिण्याचा, नाचगाण्याचा.

यंदा तर कारणच मोठं आहे. गेल्या नोव्हेंबरात हॉबिटांनी बायवॉटरला लढून गुंडांना हाकललं. त्यांनी तोडलेल्या झाडांच्या जागी सॅम या हॉबिटाने रोपं लावली, आणि पार्टीच्या मैदानात रुपेरी सालीचं मॅलर्नचं झाड एप्रिलमध्ये सोनेरी फुलांनी डवरलं. कालच, वर्षमध्याला, फ्रोडो या हॉबिटाने महापौरपद सोडलं आणि जुने विल व्हिटफुट पुन्हा त्या जागी आले. एवढा जल्लोष शायरमध्ये कुणाच्या आठवणीत नाही.

शेजारच्या बाकावरून आवाज येतो, “झाडं चालतात म्हणे! एक तारखेच्या शुक्रवारी चालत असतील!” हशा पिकतो. इथला कोणताही महिना शुक्रवारी सुरूच होत नाही, म्हणून अशक्य गोष्टीचा मुहूर्त तोच. पण मेरी आणि पिपिन या हॉबिटांनी फॅन्गॉर्नच्या जंगलातली झाडं खरोखर चालताना पाहिली आहेत.

कालगणनेचं हे सारं लेखक टॉल्किन यांनी १९५५ साली ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या तिसऱ्या खंडाच्या परिशिष्टात मांडलं. महिन्यांची नावं त्यांनी जुन्या इंग्रजीतून घेतली; त्या भाषेतले महिने बीड या भिक्षूने आठव्या शतकात नोंदवून ठेवले होते. कथा या गणिताशिवायही पुढे गेली असती. पण लोक कधी राबतात, कधी थांबतात आणि कशावर हसतात हे कळलं, तेव्हाच शायर राहण्याजोगा मुलूख झाला. म्हणून तर तुम्ही या बाकावर परके वाटत नाही.

उद्या लिथचा दुसरा दिवस, शनिवार, तोही सणाचाच. कामं परवा, रविवारी, आफ्टरलिथ महिन्याच्या एक तारखेला सुरू होतील. पुढचा ओव्हरलिथ थेट १४२४ साली. तेव्हा उठायची घाई करू नका. आजी दुसरा वाडगा भरतेय.