पवनचक्की आणि उघाडी

पवनचक्की म्हटली कीं धान्य दळण्याचें यंत्र आपल्या डोळ्यांसमोर उभें राहतें. परंतु हॉलंडांतील पुष्कळशा पवनचक्क्यांचें काम पाणी उपसण्याचें होतें. त्या देशाचा मोठा भाग समुद्रसपाटीच्या खालीं आहे, आणि त्यास अंशतः तेथील माणसांचा उद्योगच कारण झाला. दलदलीच्या मऊ जमिनींतून त्यांनीं चर खणून पाणी काढलें, तों ती जमीन सुकून खचत गेली. आणि अखेर पाणी आपोआप वाहून जाण्याइतका उतारच उरला नाहीं. तेव्हां तें उचलून वर टाकणें भाग पडलें. उपसणीच्या चक्कीचा उल्लेख पंधराव्या शतकाच्या आरंभीं आल्कमार शहराजवळ आढळतो.

या चक्कीची रचना मोठी चातुर्याची असे. वाऱ्यानें पंखे फिरत. त्यांच्या गतीनें दांत्यांच्या लांकडी चाकांकडून उभा दांडा फिरे, आणि तो तळाशीं बसविलेलें फळ्यांचें चाक फिरवी. तें चाक खालच्या चरांतील पाणी लोटून वरच्या कालव्यांत टाकी. एका चक्कीस सुमारें दीड मीटरच पाणी चढवितां येई. म्हणून खोल सरोवर आटवावयाचें तर एकीच्या वर एक अशा तीन-चार चक्क्या ओळीनें मांडीत. वारा फिरला कीं चक्कीवाला तिचा माथाही त्या बाजूस फिरवी. बेमस्टर नांवाचें विस्तीर्ण सरोवर १६१२ सालीं अशाच चक्क्यांनीं कोरडें केलें. पुढें वाफेचें यंत्र आलें. १८५२ सालीं हार्लेमचें सरोवर वाफेच्या पंपांनीं आटलें, आणि चक्क्या एकामागून एक मोडीत निघाल्या. किंडरडाइक येथील १९ चक्क्या मात्र तेथील लोकांनीं जतन केल्या आहेत.

या चक्कीचा नवी मुंबईशीं काय संबंध, असें वाचक विचारतील. ठाणें व पनवेल येथील खाड्यांच्या कांठींही समुद्राकडून जमीन मिळविण्याचा उद्योग पूर्वींपासून चालत आला होता. तेथें चक्कीची गरज पडली नाहीं. कारण आपल्याकडे मोठ्या उधाणाचें पाणी ओहोटीच्या पातळीहून सुमारें चार मीटर चढतें, आणि खारजमीन या दोहोंच्या मधोमध असते. भरतीस अडवावें आणि ओहोटीच्या वेळीं आंतील पाण्यास वाट द्यावी, एवढ्यानें काम भागे. यासाठीं खाडीच्या चिखलाचा बांध घालून त्यांत दार ठेवीत. त्यास उघाडी म्हणतात. भरतीचें पाणी बाहेरून दाबूं लागलें कीं दार मिटे. ओहोटी लागली कीं आंतील पावसाचें पाणी त्यास ढकलून बाहेर पडे. पहिल्या पावसानें जमिनींतील खार धुऊन निघे, आणि मग तेथें राता नांवाचें खारट मातींत तगणारें भात पिके. चंद्राच्या ओढीवर चालणाऱ्या या यंत्रास वाराही लागत नसे.

परंतु बांध एकदां घातला म्हणजे झालें, असें नसतें. खेकडे बिळें पाडतात, लाटा माती ओढतात, आणि एखाद्या उधाणास खांड पडली कीं खारें पाणी शिवारांत शिरून पुढच्या पिकांचाही घात करतें. म्हणून पनवेल-पेण भागांत शिलोत्री नांवाची वहिवाट होती. बाहेरचा बांध राखण्याची जबाबदारी शिलोत्रीदाराची, आणि त्याबद्दल शेतकऱ्यांनीं त्यास ठरलेलें भात द्यावयाचें. १९४८ सालीं खारजमिनींचा कायदा होऊन हें काम सरकारी यंत्रणेकडे जाऊं लागलें. १९७० सालीं सिडकोची स्थापना झाली. नव्या शहरासाठीं ९५ गांवांच्या जमिनी घेण्याचें ठरलें, आणि कित्येक शिवारें व मिठागरें इमारतींखालीं गेलीं.

सिडकोच्या स्थापत्यविशारदांनीं सारी सखल जमीन भरतीच्या पातळीवर उचलण्याचा खर्च टाळला, आणि हॉलंडचा कित्ता गिरवून धारण तलाव बांधले. भरतीच्या वेळीं खाडीकडील झडपा मिटतात, शहराचें पावसाचें पाणी तलावांत सांचतें, आणि ओहोटीस बाहेर जातें. नीट पाहिलें तर ही जुनी उघाडीच होय; हॉलंडाहून आली म्हणून तिला नवें नांव मिळालें! पुढें कांहीं तलावांत खाडीचा गाळ भरला, त्या गाळांत तिवरें रुजलीं, आणि तिवरांस कायद्याचें संरक्षण असल्यानें गाळ काढणें परवानगीवांचून अशक्य झालें. तलाव उथळ झाला कीं त्यांत पाणी कमी मावतें. आणि मुसळधार पाऊस व उधाण यांची गांठ पडली कीं तें पाणी रस्त्यांवर राहतें.

हॉलंडांत बहुतेक चक्क्या गेल्या, पण त्यांच्यामागची जलमंडळें राहिलीं. त्यांचा आरंभ तेराव्या शतकापर्यंत मागें जातो. आजही बांधामागील रहिवासी त्यांस निराळा कर देतात आणि त्यांचे सभासद निवडतात. आपल्याकडे दार राहिलें, आणि दाराची राखण करणारी वहिवाट गेली. शिलोत्री जशीच्या तशी परत आणावी, असें आमचें म्हणणें नाहीं. तींत शेतकऱ्यावर जुलूमही होऊं शके. परंतु तलावाकांठच्या घरांत राहणाऱ्या कुटुंबांस आपण बांधाआड राहतों याची जाणीव असावी, आणि गाळाचा हिशेब त्यांनीं पावसाळ्यापूर्वीं मागावा, इतकें तरी झालें पाहिजे. खारजमिनीवरील शेतकरी उधाणाच्या तिथ्या विसरत नसे. त्याच भूमीवर वसलेल्या नागरिकांसही त्या विसरून चालणार नाहीं.